विषाचा पेला दिसला, दप्तर दिसलंच नाही

'द बोर्जियाज' पुन्हा पाहून संपवली. शोटाइमची मालिका, २०११ ते २०१३, तीन सीझन. जेरेमी आयर्न्सने रॉड्रिगो बोर्जिया, म्हणजे पंधराव्या शतकात पोप झालेला माणूस, असा रंगवलाय की माणूस लबाड आहे हे ठाऊक असूनही आपण त्याच्याच बाजूने बसतो. पण मालिकेचा सगळा जीव खंजीर, विष आणि शयनगृहात अडकलाय. खरा मालमसाला होता कचेरीत.

रॉड्रिगोला १४५६ मध्ये कार्डिनल, म्हणजे पोप निवडणाऱ्या बड्या धर्मगुरूंपैकी एक, केलं ते त्याच्या सख्ख्या मामाने, पोप कॅलिक्स्टस तिसरा याने. वर्षभरात भाचा व्हाइस-चान्सलर, म्हणजे पोपच्या कचेरीचा प्रमुख. नेमणुका, सवलती, शिक्क्याचे कागद, सगळं याच खात्यातून जायचं आणि फी मोजल्याशिवाय कागद हलायचा नाही. पाच पोपांच्या हाताखाली हा पठ्ठ्या ३५ वर्षं तिथे ठाण मांडून होता! १४९२ मध्ये स्वतः पोप झाल्यावर ती खुर्ची आणि स्वतःचा राजवाडा दिला कार्डिनल आस्कानियो स्फोर्झाला, म्हणजे ज्याने पोपच्या निवडणुकीत मतं फिरवली त्याला. चार खेचरांवर चांदी लादून पाठवल्याची कथा सगळे चवीने सांगतात. असेल, नसेल. मला विचाराल तर खुर्चीच जास्त किमतीची. चांदी एकदा मिळते, खातं दर कागदाला देत राहतं.

पहिल्या भागात हा सौदा झकास जमलाय. पुढे मात्र रॉड्रिगोचा प्रतिस्पर्धी कार्डिनल देल्ला रोव्हेरे याला चारित्र्यवान विरोधी पक्षनेता करून टाकलंय. अहो, त्याला १४७१ मध्ये कार्डिनल करणारा सिक्स्टस चौथा त्याचा सख्खा काका होता! इकडे मामा, तिकडे काका. १५०३ मध्ये पोप ज्युलियस दुसरा म्हणून निवडून येताना मतांसाठी त्यानेही आश्वासनं वाटली, अगदी रॉड्रिगोच्या मुलाला, सेझारे बोर्जियालासुद्धा. आणि नंतर पैसे चारून झालेली पोपची निवड रद्दबातल ठरवणारं आज्ञापत्र काढलं ते याच गृहस्थाने.

रॉड्रिगोचा दुसरा मुलगा जुआन, त्याच्या खुनाचं तर फारच वाईट वाटलं. मालिकेत सेझारे भावाला मारतो. प्रत्यक्षात जून १४९७ मध्ये प्रेत टायबर नदीत सापडलं, खुनी आजतागायत नक्की नाही. पण त्यानंतर जे झालं ते मालिकेपेक्षा भारी आहे. शोकात बुडालेल्या पोपने, म्हणजे रॉड्रिगोने, चर्चच्या सुधारणेसाठी सहा कार्डिनलांची समिती नेमली. समितीने काम केलं, मसुदा झाला. जारी काही झाला नाही. १५०० मध्ये त्याच पोपने एकदम बारा नवे कार्डिनल केले आणि त्यांच्याकडून आलेला पैसा सेझारेच्या इटलीतल्या रोमान्या प्रांतातल्या लष्करी मोहिमेवर लावला. हा एक भाग दाखवला असता तर मी दोन-चार विषप्रयोग खुशाल सोडून दिले असते.