‘एका पेशीचा जीव तो केवढा!’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

क्लॅमिडोमोनस या हिरव्या शेवाळावरच्या माझ्या लेखावर तुम्ही चांगलीच तिखट प्रतिक्रिया दिलीत. तुमचं म्हणणं थोडक्यात असं : एकपेशीय शेवाळ म्हणजे उत्क्रांतीच्या शिडीची सगळ्यात खालची पायरी, ते उजेडाकडे पोहतं ती नुसती रासायनिक ओढ, तिला ‘दिशा ओळखणं’ म्हणणं हा माझा भाबडेपणा, आणि तिथून माणसाच्या मूत्रपिंडापर्यंत मारलेली उडी म्हणजे निधी मिळवण्यासाठी शास्त्रज्ञांनी रचलेली कहाणी.

शिडीचं आधी उरकू. आजचं क्लॅमिडोमोनस आपलं पूर्वज नाही. त्याच्या आणि आपल्या वाटा अब्जाहून अधिक वर्षांपूर्वी वेगळ्या झाल्या आणि तेव्हापासून दोघंही तेवढाच काळ बदलत आलो आहोत. एका पेशीवर राहिलं म्हणून ते मागे राहिलं असं होत नाही. उलट आपल्या यकृताच्या पेशीला पोहावं लागत नाही, अन्न तयार करावं लागत नाही, जोडीदारही शोधावा लागत नाही. ही सगळी कामं इथे जेमतेम १० मायक्रोमीटरच्या एकाच पेशीवर पडलेली असतात. शिवाय गोड्या पाण्यात राहायचं, म्हणजे पाणी सतत आत शिरणार. ते उपसून टाकायला आकुंची रिक्तिका, म्हणजे पेशीतल्या आकसणाऱ्या पिशव्या, अखंड भरत आणि रिकाम्या होत राहतात.

आता उजेड. पेशीच्या साधारण मध्यरेषेवर, हरितलवकाच्या कडेला, कॅरोटिनॉइड या रंगद्रव्याच्या कणांचा लालसर ठिपका असतो. तुम्ही लिहिलंत, ‘तो ठिपका काही बघत नाही.’ बरोबर, तो बघत नाहीच. उजेड टिपतात ती त्याच्यावरच्या पेशीपटलातली चॅनलरोडॉप्सिन नावाची प्रथिनं. बाहेरून आलेला उजेड त्यांच्यावर परत फेकायचा आणि पेशीच्या आतून येणारा अडवायचा, एवढंच ठिपक्याचं काम. त्यात पोहताना पेशी स्वतःभोवती सेकंदाला साधारण दोन गिरक्या घेते. उजेड बाजूने येत असेल तर प्रत्येक गिरकीत प्रथिनांवर एकदा उजेड, एकदा अंधार पडतो. पेशीला पोहण्यासाठी दोन कशाभिका, म्हणजे चाबकासारखे धागे, असतात. त्या चढउताराला ठिपक्याजवळची कशाभिका एक प्रतिसाद देते, लांबची दुसरा, आणि पेशी वळते. तोंड उजेडाच्या रेषेत आलं की लुकलुक थांबते आणि वळणंही थांबतं. उजेड फारच प्रखर असेल तर हीच पेशी पाठ फिरवून निघते, ही ‘ओढी’च्या हिशेबात न बसणारी पहिली गोष्ट.

दुसरी त्याहून पक्की आहे. काही उत्परिवर्तित, म्हणजे जनुकात बदल झालेल्या, पेशींत ठिपक्याचं रंगद्रव्यच नसतं. नुसती ओढ असती तर त्यांनी उजेडाकडेच जायला हवं होतं, फार तर दिशाहीन भटकायला हवं होतं. पण २०१६ साली जपानी संशोधकांनी दाखवलं की या पेशी बरोबर उलट्या दिशेने पोहतात! पारदर्शक पेशी भिंगासारखी वागते, मागून येणारा उजेड एकवटून पलीकडच्या प्रथिनांवर पाडते. अडवायला ठिपका नसल्यामुळे पेशी पुढची बाजू मागची समजते. फसता येतं याचा अर्थ तिथे दिशा ठरवणारी यंत्रणा आहे. मेंदू आहे असं मी कुठेच म्हटलेलं नाही.

मूत्रपिंडाबद्दल मात्र जरा सविस्तर लिहितो, कारण ‘कहाणी रचली’ हा आरोप साधा नाही. या शेवाळाच्या दोन कशाभिका छातीवर पोहणाऱ्या माणसाच्या हातांसारख्या एकदम मागे रेटतात, सेकंदाला सुमारे ५० वेळा. जोरात घुसळून त्यांतली एकच तोडली तर काय होतं, हे जीवशास्त्रज्ञ रोझेनबाम आणि सहकाऱ्यांनी १९६९ साली पाहिलं. तुटलेली वाढू लागते आणि त्याच वेळी धडधाकट असलेली आखडू लागते. दोघी मध्येच कुठेतरी सारख्या लांबीच्या होतात आणि मग बरोबरीने पूर्ववत वाढतात. माझ्या मते जीवशास्त्रातल्या सर्वांत देखण्या प्रयोगांपैकी हा एक. पण त्यातून एक अडचण उभी राहते : कशाभिकेची वाढ टोकाला होते, आणि तिच्यात प्रथिनं बनवणारे रायबोसोमच नाहीत. मग माल टोकापर्यंत पोचतो कसा?

१९९३ मध्ये त्याच प्रयोगशाळेत हा माल चालताना दिसला. हालचाल न करणाऱ्या कशाभिकांमध्ये बारीक कण टोकाकडे जात होते आणि परत येत होते. २००० साली या वाहतुकीतल्या एका प्रथिनाचं जनुक ओळखलं गेलं. उंदरात त्याच्याशी जुळणारं जनुक आधीच माहीत होतं, कारण ते बिघडलं की उंदरांच्या मूत्रपिंडात पुटकुळ्या होतात. मूत्रपिंडाच्या पेशींवर एकेक बारीक पक्ष्माभिका, म्हणजे कशाभिकेच्याच जातीचा केसासारखा धागा, असते. त्या उंदरांत ती खुरटलेली निघाली. तोवर या केसाकडे अनेकजण निरुपयोगी अवशेष म्हणूनच पाहत होते. पूर्वग्रह होताच, पण तो तुमच्या बाजूचा.

२००४ सालचं कामही बघा. माणसाची जनुकं घेतली, त्यांतली क्लॅमिडोमोनसमध्येही सापडणारी निवडली, आणि त्यांतून अरॅबिडॉप्सिस या फुलझाडात असलेली वगळली. फुलझाडांना कशाभिका नसतात, म्हणून उरेल त्यात कशाभिकांशी संबंधित जनुकं जास्त असणार, असा साधा तर्क. ६८८ जनुकं उरली. त्यांत बार्डेट–बीडल या आनुवंशिक आजाराचं तोवर हाती न लागलेलं एक जनुक मिळालं. या आजारात दृष्टी जाते, वजन वाढतं, बोटं जास्त असू शकतात, मूत्रपिंडंही बिघडतात.

हे सगळं माणसाला जसंच्या तसं लागू होत नाही, हा तुमचा इशारा मात्र रास्त आहे. पेशीभित्तिका, हरितलवक, एकेरी गुणसूत्रसंच यांबद्दल तिथे जे कळतं ते त्यांच्यापुरतंच. म्हणून तर उंदरात पडताळावं लागलं.

शेवटी तुम्ही विचारलंत, हे सगळं साध्या सूक्ष्मदर्शकात दिसतं का. ४०० पट मोठं करून पाहिलंत तर पेल्यासारखं हरितलवक दिसतं, नीट फोकस केलंत तर लाल ठिपकाही. कशाभिका मात्र जिवंत पेशीत सहसा हुलकावणी देतात. काचपट्टीच्या कडेने आयोडीनचा एक थेंब सोडा. पेशी मरतात, पण कशाभिका स्पष्ट होतात आणि हरितलवकातल्या पायरेनॉइड या गोळ्याभोवतीचा स्टार्च काळपट निळा पडतो. पोहणं आधी बघून घ्या, आयोडीन नंतर.