फटक्याचा बोल्ट आवळू नका

काळमाग, म्हणजे वेळ विणणारा माग, बिघडला की माणसं आधी पाना शोधतात आणि आडवा धागा नेणाऱ्या धोट्याला पलीकडे भिरकावणाऱ्या फटक्याचा बोल्ट आवळतात. हा रोग इचलकरंजीत १९०४ साली पहिला यंत्रमाग बसला तेव्हापासूनचा असावा, आणि माझा त्यावर जुना राग आहे. साध्या मागावर त्याची शिक्षा एवढीच, की धोट्याला ठोसा देणारा पिकर झिजतो, धोटा उडतो आणि त्याच्या वाटेत उभ्या असलेल्याने मान वेळेवर खाली घातली नाही तर टाके पडतात. काळमागावरचा धोटा भिंतीवर आदळत नाही, गेल्या मंगळवारवर आदळतो. मग मंगळवारचं भांडण पहिल्यापासून सुरू होतं, आणि या खेपेला समोरच्याला आपले सगळे मुद्दे पाठ असतात.

म्हणून फटक्याला हात शेवटी. आधी ताणा बघायचा. या मागावर उभा ताणा म्हणजे वस्तुस्थिती, म्हणजे घर, नोकरी, रस्ते, सासुरवाडी. आडवा बाणा म्हणजे वेळ. स्विच बंद करून बीमच्या, म्हणजे ताणा गुंडाळलेल्या रुळाच्या, साखळीची वजनं तपासा, दोन्ही बाजूंना सारखी हवीत. एकीकडे कमी पडली की त्या अंगाचा ताणा सैल सुटतो आणि दुपार लोंबते. दुसऱ्या अंगाला रविवार उठेपर्यंत संपलेला असतो. बहुतेक कचेऱ्या सैल अंगाला येतात हा निव्वळ योगायोग आहे, असं सांगायची पद्धत आहे.

सुताला चिंचोक्याची खळ चालते, वस्तुस्थितीलाही तीच चालते. पातळ झाली तर धाग्याला तूस सुटतं आणि शेजारचे धागे एकमेकांत गुंततात. बसमध्ये अनोळखी गृहस्थ ‘आईचा गुडघा कसा आहे?’ विचारतात, आणि त्यांना खरंच माहीत असतं कोणता गुडघा. जाड झाली तर धागा कडक होऊन तुटतो. हवाही कोरडी नको. सुती मागाला ७५ ते ८० टक्के आर्द्रता लागते. मे महिन्यात जमिनीवर पाणी मारलं नाही, तर अकरा वाजल्यापासून वास्तव तुटायला लागतं. विदर्भातल्या वाचकांना हे वेगळं सांगायला नको.

आता टायमिंग. मिनिटाला दीडशे फेरे पडत असताना डोळ्यांना काही दिसत नाही, म्हणून क्रँक हाताने फिरवा. फणी पुढे येऊन कापडाला ठोकते तो शून्य अंश धरा. फटका साधारण ९० अंशांच्या आसपास सुरू व्हावा, धोटा शिरेपर्यंत ताण्यातली वाट पुरती उघडलेली असावी, आणि २४० च्या सुमारास तो पलीकडच्या पेटीत पोचावा. रेंगाळला तर मिटत्या वाटेत सापडतो, फणी त्यालाच ठोकते आणि शेकड्याने धागे एका दणक्यात तुटतात. काळमागावर हे धागे म्हणजे एका गल्लीतल्या तेवढ्या गोष्टी. पाण्याची टाकी जाते, कोपऱ्यावरचं कुत्रं जातं, सोसायटीचे सेक्रेटरी जातात. सांधताना टाकीपासून सुरुवात करावी. सेक्रेटरींची घाई कोणालाच नसते.

धोटा रेंगाळला की बोल्टवाले म्हणणारच, ‘फटका कमी पडतोय.’ बहुतेकदा एखादा तुटका धागा वाटेत लोंबत असतो, नाहीतर पेटीत तेलकट कचरा साठलेला असतो. कचरा पुसा. धागा विणकराच्या गाठीने सांधा, शेपूट कापून टाका आणि फणीच्या त्याच घरातून ओवा. शेजारच्या घरातून ओवलात, तर संध्याकाळी तुमच्या पाटावर शेजारचे काका जेवत असतात, आणि घरच्यांना त्यात काही वावगं वाटत नाही.

नक्षीचे पुठ्ठे जॅकार्ड मागाच्या जुन्याच रीतीचे, भोक तिथे धागा वर. साखळीत बारा महिने ओवलेले असतात. अधिक मासाचा संच वेगळा टांगलेला असतो, तो १९ वर्षांत ७ वेळा घालायचा, पण कधी ते मागवाल्याने ठरवायचं नाही. ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत होत नाही तोच अधिक. आणि जो कोणाचा तरी जावई आहे अशा माणसाला पुठ्ठ्यांजवळ फिरकू देऊ नका. अनारशांवर डोळा ठेवून तो दरवर्षी एक घालतो.

रफूचं काम बघायचं तर १५८२ सालचं, ग्रेगोरियन कॅलेंडर आलं तेव्हाचं बघा. ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ तारीख, म्हणजे दहा दिवस कापून काढले. पण गुरुवारनंतर शुक्रवारच आला, वाराचा धागा तुटू दिला नाही. याला हात म्हणतात. उलट आपल्याकडे १९०६ साली प्रमाणवेळ आली तरी मुंबईची कड ३९ मिनिटं मागेच लोंबत राहिली, थेट १९५५ पर्यंत.

एवढं सगळं जमलं की मग फटका. धोटा पेटीत जाऊन बसला आणि परत उसळला नाही की पुरे, बोल्टला पाव फेराही जास्त नको. चालू करण्याआधी बाणा एक पीक, म्हणजे एक आडवा धागा, मागे घ्या, नाहीतर कापडात जाड रेघ पडते आणि सकाळचे पोहे रात्रीपर्यंत पुन्हापुन्हा समोर येतात. पेटीच्या रेषेत उभं राहू नका. पहिला मीटरभर कापड कोणाला देऊ नका. त्यात एका आठवड्यात दोन गुरुवार निघतातच. उपास करणाऱ्यांना आधी कळवावं.