जिलबीबरोबर मठ्ठा चालतो, मग वेफरवर चॉकलेट का नको?

काकू, तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा राग आला, खोटं कशाला सांगू. दुसऱ्यांदा वाचताना लक्षात आलं की रागाच्या चार वाक्यांमध्ये एक खरी तक्रार आहे, आणि त्या तक्रारीत चूक माझी आहे. म्हणून दोन ओळींत न उरकता सविस्तर लिहितेय.

बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. मे महिन्याच्या सुट्टीत मुलांना घेऊन केळा वेफर्स, बेकरीतले कडक जिरा बटर, खारे दाणे आणि पाणीपुरीच्या पुऱ्या चॉकलेटमध्ये बुडवण्याबद्दल मी लिहिलं होतं. मुलुंडच्या काकूंचं म्हणणं असं: विकतचे वेफर्स विकतच्या चॉकलेटमध्ये बुडवले, यात पाककृती कुठे आली? खारट आणि गोड एकत्र करणं हे थेर बाहेरून आलेलं. ते स्वस्तातलं चॉकलेट म्हणजे रंग दिलेला डालडा. मुलांना लाडू-शंकरपाळे शिकवायचे सोडून हे काय? आणि एवढं करून नातवाबरोबर करायला घेतलं तर चॉकलेटचा दगड झाला, नातू रडला, भांडं तसंच फ्रिजमध्ये पडलंय.

दगडापासून सुरू करते.

तुम्ही लिहिलंय, "हात, वाडगा, चमचा सगळं आधी स्वच्छ धुऊन घेतलं." काकू, घात तिथेच झाला. चॉकलेट म्हणजे चरबीत तरंगणारे साखरेचे आणि कोकोचे बारीक कण. त्यात पाण्याचा थेंब गेला की साखर ओली होते, चिकट होते आणि कण एकमेकांना धरून बसतात. पिठीसाखरेच्या डब्यात ओला चमचा गेला की गुठळी होते ना, तसंच. धुतलेल्या लाकडी चमच्याच्या दांड्यात मुरलेलं पाणीसुद्धा पुरतं. आणि मी काय लिहिलं होतं? "टोपात पाणी उकळत ठेवा, त्यावर वाडगा ठेवून चॉकलेट वितळवा." बस. वाडग्याची बूड पाण्याला टेकता कामा नये, पाणी तापलं की गॅस बंद करायचा, टोपापेक्षा वाडगा रुंद हवा म्हणजे वाफ वर येऊन आत पडत नाही, यातलं एकही वाक्य नव्हतं. माझ्या हाताला सवय आहे म्हणून मी गृहीत धरलं. आता मूळ लेखात भर घातली आहे: सगळं कोरड्या फडक्याने पुसा, मग पुन्हा एकदा पुसा. मायक्रोवेव्ह असेल तर अर्ध्या पॉवरवर ३० सेकंद, बाहेर काढून ढवळणं, परत ३० सेकंद. मुलांना हेच बरं, वाफेचा चटका बसत नाही.

डालड्याबद्दल. तुमचं म्हणणं अर्धं बरोबर आहे. मी वापरते ते कंपाउंड. त्यात कोको बटरऐवजी वनस्पती तेलापासून केलेली घट्ट चरबी असते, बहुतेक वेळा पामच्या बियांची. जास्त खाल्लं की टाळूला तुपकट थर बसतो, ते मलाही आवडत नाही. पण डालड्याची खरी भीती होती ती ट्रान्स फॅटची, आणि त्यावर जानेवारी २०२२ पासून आपल्याकडे २ टक्क्यांची मर्यादा आहे. संपृक्त चरबी मात्र आहेच, ती मी नाकारत नाही. हा रोजच्या डब्याचा पदार्थ नाही. सुट्टीतल्या एका दुपारचा आहे.

मग खरं चॉकलेट का नाही? कारण आपण मुंबईत राहतो. कोको बटर साधारण ३४ अंशांना वितळतं, म्हणूनच ते तोंडात विरघळतं. मे महिन्यात दुपारी तीन वाजता माझ्या विक्रोळीच्या स्वयंपाकघरात गॅस न पेटवताही तेवढं तापमान असतं. शिवाय खरं चॉकलेट नुसतं वितळवून चालत नाही. डार्क असेल तर ४५ अंशांच्या पुढे न्यायचं, २७-२८ वर उतरवायचं, पुन्हा ३१-३२ वर आणायचं, तेव्हा ते चकाकीने, कुरकुरीत गोठतं. नाहीतर पांढुरकं, मऊ राहतं. थर्मामीटर घेऊन हे करणाऱ्यांबद्दल मला आदर आहे, पण सहा वर्षांचं मूल एवढा वेळ वेफर हातात धरून थांबत नाही. आमच्याकडे तरी नाही थांबलं. कंपाउंड दहा मिनिटांत गोठतं. डिसेंबर-जानेवारीत मी खरं डार्क चॉकलेट वापरते, फ्रिजमध्ये गोठवून लगेच खाऊन टाकतो, चकाकी गेली उडत.

आता खारट-गोड. काकू, हे तुम्ही लिहावं याचं नवल वाटलं. लग्नाच्या पंगतीत जिलबीवर मठ्ठा कोणी आणला? दिवाळीच्या चिवड्यात चमचाभर पिठीसाखर कोण टाकतं? भेळेला चिंच-गुळाची चटणी नसेल तर ते नुसते कुरमुरे. माझी आजी पुरण शिजवताना चिमूटभर मीठ घालायची, "त्याशिवाय गोडाला गोडी येत नाही" म्हणायची. याचं कारण पुढे मला वाचायला मिळालं. १९९७ साली 'नेचर'मध्ये एक छोटा प्रयोग छापून आला होता: कडू आणि गोड पदार्थ एकत्र करून त्यात सोडियमचा क्षार मिसळला, तर कडूपणा दबतो आणि तेच मिश्रण जास्त गोड लागतं. डार्क चॉकलेट कडवट असतं, वेफरवर मीठ असतं. आजीने पुरणात जे केलं तेच इथे होतं, थेर बाहेरून यायची गरजच नाही.

लाडवांचा मुद्दा मात्र मला खरंच खुपला, कारण मी तो करून पाहिलाय. मागच्या दिवाळीत मुलीला (आठ वर्षांची) बेसनाच्या लाडवांना बसवलं. बेसन मी भाजलं, कारण कढई तापलेली. तूप मी घातलं, कारण अंदाज हवा. तिच्या वाट्याला शेवटचं वळणं आलं, तेही मी तिचे चपटे लाडू मागून गोल करून ठेवले. दहाव्या मिनिटाला ती टीव्हीसमोर होती.

वेफर्सच्या दुपारी असं झालं नाही. ती आणि शेजारचा सहा वर्षांचा मुलगा, दोघं ओट्याजवळ स्टुलांवर उभे. पहिला बटाट्याचा वेफर तिने सरळ वाडग्यात खुपसला. तो मधेच मोडला, अर्धा आत बुडाला. दुसराही. मी काही बोलले नाही (हे लिहायला सोपं आहे, करायला नाही). मग तिने पुडीत हुडकून जाडसर, पिवळा केळा वेफर काढला, आडवा धरला, अर्धा बुडवला आणि वर उचलून थांबली. खाली ओघळ आला, बारीक झाला, शेवटचा थेंब कडेला लोंबकळत राहिला. तो तिने वाडग्याच्या काठाला टेकवून पुसला आणि वेफर बटर पेपरवर ठेवला. हे मी शिकवलं नव्हतं, मी स्वतः काट्याने करते. शेजारच्याने तिच्याकडे बघून तेच केलं, फक्त त्याचा थेंब टी-शर्टवर पुसला गेला. २०० ग्रॅम चॉकलेटमध्ये चाळीसेक वेफर झाले, त्यातला एकही मी सरळ करून ठेवला नाही. वाकडे होते, काहींना शेपटी आली होती.

त्यांचे शोधही त्यांचेच. खारी बुडवू नका, पापुद्रे चॉकलेट पितात आणि गळून पडतात. इराणी बेकरीतले छोटे कडक जिरा बटर सगळ्यात उत्तम, जिऱ्याचा वास चॉकलेटला शोभतो हे मलाही माहीत नव्हतं. पुरी फोडून आत चमचाभर चॉकलेट आणि दोन खारे दाणे हा शेजारच्याचा हट्ट. चकली दिसायला झकास, खायला नको.

आणि दाण्यांवरून एक कबुली, जी तुम्ही मागितली नव्हती. मूळ लेखात मी "घरातल्या सगळ्या मुलांना बसवा" असं लिहिलं होतं. चार-पाच वर्षांखालच्या मुलांना अख्खे दाणे देऊ नयेत, घशात अडकतात. त्यांच्यासाठी कूट करा. हेही वाक्य टाकलंय.

तुमची एक तक्रार राहिली, वेफर्स मऊ पडण्याची. तुमचं चॉकलेट फसलं तरी सुनेने माझ्या पद्धतीने केलेले वेफर्स संध्याकाळपर्यंत सादळले असं तुम्ही लिहिलंय. अर्धाच भाग बुडवला की उघडा अर्धा हवेतला ओलावा ओढणारच, मुंबईत काय आणि मुलुंडात काय (मुलुंडकर रागावतील, ते स्वतःला मुंबईतच धरतात आणि बरोबरच धरतात). अख्खा बुडवला तर चरबीचा थर ओलावा बराच अडवतो. फ्रिजमधून काढून उघडे ठेवू नका, घाम सुटतो आणि वाळला की वर साखरेचे पांढरे डाग येतात. घट्ट झाकणाचा डबा बाहेर काढा, अर्धा तास बंदच ठेवा, मग उघडा. पावसाळ्यात तर हे करूच नका. जुलैत मी एकदा केले, तेव्हा वेफर वाकत होते, मोडत नव्हते.

आता तो फ्रिजमधला दगड. टाकला नसेल तर टाकू नका. थेंबभर पाण्याने जे बिघडतं ते जास्त पाण्याने सुधारतं, ऐकायला विचित्र आहे पण तसंच आहे. साखरेला पुरेसं पाणी मिळालं की गुठळ्या सुटतात. २०० ग्रॅमला साधारण अर्धी वाटी दूध उकळी येईपर्यंत तापवा, थोडं थोडं घालत ढवळा. आधी आणखी वाईट दिसेल, तेल सुटल्यासारखं, तिथे घाबरू नका. मग एकदम चकचकीत सॉस होईल. वेफर त्यात बुडवता येणार नाहीत, गोठत नाही ते. पण गरम घडीच्या पोळीला लावून, वरून दोन कण मीठ भुरभुरून गुंडाळी करून नातवाच्या हातात द्या. ढवळायलाही त्यालाच लावा, दगड त्याच्याच हातून झालाय.