मॅग्डेबर्गचा फ्रँक आणि नव्वद दिवसांचं पेमेंट

मी जर्मनीत मॅग्डेबर्गला राहतो. युनिव्हर्सिटीमुळे इथे मराठी पोरं बरीच आहेत, पण फ्रँक गीरिंग या जर्मन नटाचं नाव त्यातल्या कुणालाच माहीत नसतं. मलाही नव्हतं, खालच्या मजल्यावरच्या आजींनी सांगितलं, आमच्या गावचा पोरगा होता म्हणून. जन्म १९७१ चा, बर्लिनची भिंत पडली तेव्हा अठरालाही टेकला नव्हता.

मग मी 'फनी गेम्स' बघितला, मिखाएल हानेकेचा, १९९७ चा. त्यात हा एका बाईच्या घरी अंडी मागायला येतो. हातात पांढरे मोजे, एकदम नम्र, थोडा बावळटच वाटावा असा. अंडी हातातून पडतात, तो सॉरी म्हणतो, परत मागतो, मधेच त्या बाईचा मोबाईल सिंकमधल्या पाण्यात पाडतो, आणि तोवर आपल्या पोटात गोळा आलेला असतो, त्याने आवाज जराही चढवलेला नसताना. १९९९ च्या 'अबसोलूटे गिगांटन' या सिनेमामध्ये तोच माणूस हॅम्बर्ग सोडून जहाजावर निघालेला फ्लॉइड, दोस्तांबरोबर शेवटची रात्र, आणि इतका हळवा की ओळखू येत नाही. २००६ पासून झेडडीएफ या जर्मन टीव्ही चॅनलवर शुक्रवारच्या पोलिसांच्या मालिकेत होता, २०१० च्या जूनमध्ये गेला. वय ३८.

हे मी घरच्या ग्रुपवर लिहिलं तर काका म्हणाले, "म्हणजे फार काही चाललं नाही त्याचं." मला ते लागलं. सुशांतसिंह राजपूत गेला तेव्हा २०२० मध्ये आपल्या चॅनलांवर कित्येक महिने 'कुणी केलं' हेच चाललं होतं. नटाला रोज किती तास उभं करतात, पैसे कधी मिळतात, हे कोण विचारत होतं? माझा मावसभाऊ सिरियलमध्ये छोटी कामं करतो, पेमेंट नव्वद दिवसांनी, तेही फोनवर फोन केले की. वृद्ध कलावंतांचं सरकारी मानधन आहे आपल्याकडे, चांगलंच आहे, पण ते पन्नाशीनंतर. तोवर त्याने खायचं काय?

इथे जर्मनीत शूटिंगच्या दिवसांपुरता का होईना, नट नोकरदार धरला जातो, आरोग्यविमा आणि पेन्शनमधला वाटा निर्मात्याला भरावाच लागतो. सगळं छान आहे असं नाही, दोन कामांच्या मधले रिकामे महिने इथल्या नटांनाही जड जातात, २००६ मध्ये त्यांनी स्वतःची संघटना काढली ती उगाच नाही. आणि फ्रँक आपल्या मनातल्या भीतीबद्दल उघड बोलायचा, तरी तो इतक्या लवकर गेला, हेही खरंच आहे. पण बोलतो म्हणून शुक्रवारच्या मालिकेतून त्याला कुणी काढलं नाही, शेवटपर्यंत कामावर होता तो.

मावसभावाला हे सांगितलं तर तो म्हणाला, "दादा, मला झोप लागत नाही हे मी सेटवर कुणाला सांगितलेलं नाही, तूही ग्रुपवर टाकू नकोस." ग्रुपवर टाकलं नाही. त्याला विचारूनच इथे लिहितोय, नाव न घेता.