मिसेस विल्बरफोर्सची छत्री

दर दोन-चार महिन्यांनी घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एखाद्या जुन्या अभिनेत्रीची बातमी येते. भाड्याची खोली, औषधाला पैसे नाहीत. मग वाद पेटतो: मानधन वाढवा, कलावंतांसाठी वृद्धाश्रम काढा. मी लंडनमध्ये राहते. इथे नॉर्थवूडला वयस्कर नटमंडळींसाठी १९२६ पासून डेनव्हिल हॉल आहे. तसं आपल्याकडे हवंच. पण त्या वादात वयस्कर अभिनेत्रींना मिळणाऱ्या भूमिकांबद्दल कुणी बोलत नाही, याचं मला वाईट वाटतं.

ब्रिटिश अभिनेत्री केटी जॉन्सन १८७८ सालच्या. उमर रंगभूमीवर गेली. सिनेमात आल्या पन्नाशी उलटल्यावर, आणि पुढची वीसेक वर्षं वाट्याला आले ते छोटे तुकडे. मग ईलिंग स्टुडिओचा 'द लेडीकिलर्स' आला, १९५५ मध्ये. बाईंना त्यातल्या घरमालकीण मिसेस विल्बरफोर्सची मुख्य भूमिका झेपायची नाही म्हणून आधी त्यांच्याहून तरुण अभिनेत्रीला घेतलं होतं, असं सांगतात. चित्रीकरणाआधीच ती वारली आणि भूमिका फिरून बाईंकडे आली. म्हणजे इथलेही निर्माते काही वेगळे नव्हते!

किंग्ज क्रॉसजवळचं कललेलं घर. वरच्या खोलीत पाच दरोडेखोर ग्रामोफोनवर संगीतकार बोक्केरिनीची रचना लावून वादनाचा सराव चालल्याचं सोंग करतात, आणि दारावर टकटक होते: चहा घेणार का? समोर अ‍ॅलेक गिनेस, पीटर सेलर्स. तरी माझी नजर बाईंवरून हलत नाही. पोलीस चौकीत छत्री विसरणारी ही म्हातारी चोरी कळल्यावर त्याच दांडग्यांना शाळामास्तरणीसारखी दटावते. ७६ वर्षांच्या बाईभोवती अख्खी गोष्ट फिरते. त्यांना बाफ्टा मिळालं ते सर्वोत्कृष्ट ब्रिटिश अभिनेत्रीचं. दोनच वर्षांत, १९५७ मध्ये, त्या गेल्या.

माझ्या आत्यानं राज्य नाट्य स्पर्धा गाजवल्या. आता तिला बोलावतात ते दीपप्रज्वलनाला. कपाटात अकरा शाली घडी करून ठेवल्यात. शाल देणाऱ्यांचा हेतू चांगलाच असतो, पण तिची जीभ अजून इतकी स्वच्छ आहे की फोनवर तिनं नुसती भाजीची यादी वाचली तरी ऐकत राहावं.

गेल्या रविवारी व्हिडिओ कॉलवर तिला तो दटावण्याचा प्रसंग दाखवला. ती बराच वेळ गप्प होती. मग चष्मा काढून म्हणाली, "हे लिहिलंय कुणी गं?"

"विल्यम रोझ."

"मराठीत नाही का कुणी लिहीत असं?"