काळोखाच्या कारागिरांवर कादंबरी लिहिताय? लिहाच!

परवा आणखी एक वाचून संपवली. काळोखातून वस्तू घडवणाऱ्या कारागिरांचा गुप्त संघ, तीनशेच्या वर पानं, आणि अख्ख्या पुस्तकात एकाचेही हात काळे होत नाहीत. पुढच्या लेखकाची तरी सोय व्हावी म्हणून कृती देऊन ठेवतो. बिनधास्त वापरा, सगळे हीच वापरतात.

आधी नाव. तम, कृष्ण, छाया, निशा यांतले कुठलेही दोन शब्द उचला आणि जोडा. झालं.

संघ अत्यंत गुप्त ठेवा. इतका गुप्त, की प्रत्येक सभासदाच्या मनगटावर एकसारखं गोंदण हवं आणि भर वैशाखात अंगावर पायघोळ काळा झगा हवा. बाजारात कोणाला संशय येत नाही.

गुरू आंधळा.

आता प्रत्यक्ष घडवणं. इथे अजिबात घाबरू नका. नायकाने डोळे मिटावेत, श्वास रोखावा, बोटांतून काळोख पाझरावा, तलवार तयार! कच्चा माल किती लागला, वाया किती गेला, शिकाऊ पोराकडून नेमकं काय बिघडतं, असं विचारणारा वाचक अरसिक समजावा. बिदरला मात्र असे अरसिक लोक पिढ्यानपिढ्या बसलेत, काळ्या धातूवर चांदीची नक्षी असलेल्या बिदरी वस्तू घडवत. ते जस्त आणि तांबं साधारण सोळास एक घेतात. तांबं थोडंच, पण त्याच्याशिवाय पुढचा काळा रंग चढत नाही. रस मातीच्या साच्यात ओततात, वस्तू कानशीने घासून गुळगुळीत करतात, वर मोरचुदाचं पाणी फिरवतात. त्याने ती तात्पुरती काळी पडते, कारण पांढुरक्या धातूवर नक्षीची रेघ दिसत नाही. मग छिन्नीने खाचा पाडायच्या आणि चांदीची तार त्यांत ठोकून बसवायची. खाच उथळ पडली की तार उचकटते. मग पुन्हा सगळं घासायचं. मघाचा काळा रंग जातो, चांदी आणि जस्त सारखेच दिसायला लागतात, इतक्या मेहनतीची नक्षी जवळजवळ नाहीशी होते. आणि आता खरा काळा: किल्ल्याच्या आतली, ऊन-पाऊस न लागलेली माती, नवसागर आणि पाणी. हे उकळून वस्तूला चोळलं की जस्त काळंभोर होतं आणि चांदी तशीच झळकत राहते. शेवटी खोबरेलाचा हात. ती माती चांगली की वाईट हे कारागीर जिभेवर ठेवून ठरवतात. अहो, जिभेवर! अंधारात पडून राहिलेली माती चाखून पारखणारी माणसं उदगीरहून गाडीने दोन तासांच्या आत आहेत, आणि तुमचा नायक श्वास रोखतोय!

उमेदवारी तीन दिवसांत उरका, कारण नायक ‘निवडलेला’ आहे. फोटो धुण्याच्या डार्करूममध्ये मात्र फिल्म रिळावर चढवायला शिकणारा आधी उजेडात, वाया गेलेल्या रोलवर हात बसवतो, मग डोळे मिटून, मग ठार अंधारात. दोन वेढे एकमेकांना चिकटले की तिथे रसायन पोचत नाही, तेवढे फोटो गेले. निवडलेल्याचे पण जातात.

गुपित का जपायचं, ते सांगू नका. फार तर प्राचीन शाप घाला. व्हेनिसने १२९१ साली काचेच्या भट्ट्या मुरानो बेटावर हलवल्या त्या शहराला आग लागेल या भीतीने, आणि तिथल्या कारागिरांना परमुलखात जायला बंदी केली ती धंदा बाहेर जाईल म्हणून. शाप कसला, पैसा!

पैशाचं तर नावच काढू नका. संघाचं दुकान नाही, गिऱ्हाईक नाही, उधारी नाही, तरी भुयारात संगमरवरी खांब. नाशिकच्या पांडवलेण्यांत क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने गोवर्धनच्या कोष्ट्यांच्या एका श्रेणीकडे, म्हणजे संघाकडे, २००० कार्षापणं (तेव्हाची नाणी) दरमहा शेकडा एक व्याजाने ठेवली, दुसरीकडे १००० पाऊण टक्क्याने. ठेवी घेऊन दरमहा व्याज मोजणारी कारागिरांची संघटना दगडात कोरलेली आहे, तिकीट काढून बघता येते, आणि आपल्या लेखकांना संघ म्हटलं की मशाली आणि कुजबुज एवढंच सुचतं.

आता सरळच बोलतो. हा आळस आहे. कल्पनाशक्ती कमी पडत नाही हो तुमची, कष्ट नकोत तुम्हाला. राक्षसाच्या पंखांची लांबी ठाऊक असते, पण कानस आणि छिन्नी यांतला फरक ठाऊक नसतो. कधी एरंडेलाचा दिवा लावून त्यावर तांब्याचं ताट धरलंय? उंच धरलंत तर काजळी निसटून जाते, आणि बराच वेळ धरूनही चिमूटभर हाती लागते. एवढं तरी करा. मग तुमच्या संघात काळोख कसा गोळा करतात, तो कशात भरतात, किती दिवस टिकतो आणि शेर कितीला विकतात, हे लिहून काढा. ते जमत नसेल तर दुसरा भाग काढू नका. पहिल्याचेच पैसे अजून अंगावर आहेत.