सरकारी वकिलाची हुशारी फाशीच्या आकड्यावर मोजू नका

एका सरकारी वकिलावरचा लेख वाचला. त्याने किती आरोपींना फासापर्यंत नेलं, याचंच त्यात कौतुक आहे. मी अंबाजोगाईत फौजदारी वकिली करते, म्हणून राहवलं नाही. नाशिकचं २००३ चं दरोडा आणि खुनांचं प्रकरण आठवा. आरोपी भटक्या जमातीतले सहा गरीब. उच्च न्यायालयाने तिघांची फाशी जन्मठेपेवर आणली होती. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना फाशी ठरवली. त्याच न्यायालयाने ५ मार्च २०१९ ला सगळ्यांना निर्दोष सोडलं, प्रत्येकी ५ लाख भरपाई द्यायला लावली. कारण काय, तर हल्ल्यातून वाचलेल्या बाईने पोलिसांच्या अल्बममधून भलत्याच चौघांना ओळखलं होतं. तिचा जबाब कागदावर होता, पण सरकार पक्षाने तो कोर्टापुढे आणलाच नाही!

सरकारी वकील हा पोलिसांचा वकील नसतो. आरोपीच्या बाजूचा कागद सापडला तरी तो न्यायाधीशांसमोर ठेवणं हे त्याचं कर्तव्यच आहे. आमच्याकडेही एखादी भयंकर घटना घडली की मोर्चे निघतात, 'फाशी द्या'च्या घोषणा होतात. लोकांचा संताप खरा असतो, मला तो समजतो. पण फाईल वाचणाऱ्याने त्या घोषणांच्या दबावाखाली वाचू नये. नाशिकच्या त्या बाईने बोट दाखवलेल्या चौघांचं पुढे काय झालं, हे लेखकाने विचारायला हवं होतं.